रिकाम्या फुटपाथचा फोटो

आमच्या घरात एक चादर होती, जी कधी कुणी पांघरली नाही. सोलापुरातच विणलेली, जाडजूड, मूळची लाल आणि पिवळी, पुढे उन्हानं सगळीच विटकरी झालेली. तिच्या चारी कोपऱ्यांना आईनं सुतळी ओवली होती. चारी सुतळ्या एका मुठीत घेतल्या की सबंध दुकान एका हिसक्यात उचललं जायचं. दुकान म्हणजे टिकल्यांची पाकिटं, केसांच्या पिना, चाप, रबर, कंगवे, फण्या, ब्लाउजची हुकं, काजळाच्या डब्या. आमच्याकडे या मालाला कटलरी म्हणतात.

चौकाच्या कोपऱ्यावर, एका शाळेच्या भिंतीला लागून आई बसायची. तिच्यापलीकडे ओळीनं आणखी दहाजण बसत. महापालिकेची अतिक्रमणाची गाडी आली की भिंतीच्या कडेनं जाणाऱ्या बोळात सगळ्यांनी शिरायचं, गाडी गेली की परत येऊन आपापल्या जागेवर बसायचं, असा पंचवीस वर्षांचा शिरस्ता. मी चौथीत असताना वडील गेले. ते यंत्रमागावर होते. केम गावाहून सोलापूरला आलेलं आमचं एकच बिऱ्हाड, मागे कुणी नव्हतं. तेराव्यानंतर आठ दिवसांनी आई त्या कोपऱ्यावर जाऊन बसली.

ज्या दिवशी गाडी यायची त्या दिवशी संध्याकाळी आम्हा दोघींना निवडणटिपण असायचं. चादरीचं गाठोडं झालं की सगळा माल एकमेकांत मिसळायचा. मग तो घरी जमिनीवर ओतायचा आणि तांदूळ निवडावेत तसा निवडायचा. त्यामुळे एक नंबरचं हूक आणि दोन नंबरचं हूक मला आजही न बघता बोटांनी ओळखता येतं. बायोडेटात लिहिण्यासारखी गोष्ट नाही, पण येतं.

आईची जागा ओळीत पहिली, त्यामुळे राखणीचं काम आपोआप तिच्याकडे आलं होतं. त्या गाडीचं मागचं फाळकं सैल होतं. चौकातली रिक्षांची गर्दी, बसचे हॉर्न, शाळा सुटल्याचा कालवा, या सगळ्यातून आईला ते फाळकं वळणापलीकडे असतानाच ऐकू यायचं. मध्ये गाडी बदलली, ड्रायव्हर बदलले, साहेब तर किती बदलले. फाळकं मात्र खडखडतच राहिलं. आई एकच शब्द ओरडायची, "गाडीऽऽ!" आणि ओळ उठायची. ओळीतले सगळे तिला मावशी म्हणत. केळीची गाडी लावणारे चाचा म्हणायचे, "मौसी बैठे सो जगे पे अपन को क्या डर?" आईला कशाचा अभिमान असेल तर तो याचा होता. माझ्या पदवीचासुद्धा एवढा नव्हता.

मी दुसऱ्याच एका खासगी शाळेच्या कार्यालयात कारकून आहे. दाखले, प्रवेश अर्ज, शिष्यवृत्तीचे ऑनलाइन फॉर्म, हेच माझं जग. कारकुनाचा कागदावर विश्वास असतोच, माझा जरा जास्तच. माझी आई काय करते हे कार्यालयात कुणाला सांगितलेलं नव्हतं. टिकल्या तिच्याकडूनच घ्यायचे आणि कुणी विचारलं तर बाजारातून आणल्या म्हणायचे. हे लिहिताना लाज वाटते. तेव्हा वेगळ्याच गोष्टीची वाटायची.

फेरीवाल्यांसाठी कायदा आहे हे मला कार्यालयातल्या संगणकावरच कळलं. म्हणजे कायदा होऊन बरीच वर्षं झाली होती, मला उशिरा कळला. रस्त्यावर बसणाऱ्या प्रत्येकाची पाहणी करायची, ज्याची नोंद होईल त्याला प्रमाणपत्र द्यायचं, आणि हे सगळं पुरं होईपर्यंत कुणालाही जागेवरून उठवायचं नाही. मला तर आनंदाचं भरतंच आलं. मराठी प्रत छापून घेतली आणि रविवारी चहा पिता पिता आईला वाचून दाखवली. तिनं पूर्ण ऐकून घेतली.

"म्हंजी आदी आमाला मोजनार?" तिनं विचारलं.

"हो. मोजल्याशिवाय उठवता येत नाही."

"आतापतूर कुनी मोजलं न्हाई म्हनून तर टिकलो की गं."

मी चिडले. अडाणीपणा म्हणाले, आणखीही काही म्हणाले. ती हसली आणि कप विसळायला उठली.

पुढे काही महिन्यांनी पेपरात आलं की आमच्या भागात पाहणी होणार. माणसं जागेवर येतील, जो बसलेला असेल त्याचा तिथंच मोबाइलवर फोटो काढतील, आधार कार्ड बघतील आणि नोंद करतील. मी आईचं आधार कार्ड प्लास्टिकच्या पाकिटात घालून तिच्या पिशवीत ठेवलं. एवढ्यावर थांबले नाही. एका संध्याकाळी घरी जाताना ओळीपाशी उभी राहिले आणि सगळ्यांना भाषण दिलं. मोजायला माणसं येणार आहेत, घाबरू नका, कुणी पळू नका, या नोंदीवर तुमची जागा पक्की होणार आहे. जन्मात पहिल्यांदा मी त्या ओळीपाशी पाच मिनिटांहून जास्त थांबले असेन. चाचांनी मला दोन केळी दिली. चपला शिवणारे काका म्हणाले, "पोरगी शिकल्याली हाय, बगा." आईनं मान खाली घालून टिकल्यांची पाकिटं सारखी केली. पाकिटं आधीच सारखी होती.

एक गोष्ट मी सांगितली नाही, कारण ती मला माहीत नव्हती. ही माणसं कशातून येणार?

तो दिवस बुधवारचा होता. मी घरी आले तर आई जमिनीवर बसून माल निवडत होती. ढीग बघितला आणि काय ते कळलं.

"गाडी आली होती?"

"आल्ती," आई खुशीत म्हणाली. "पर एक फनीबी घावली न्हाई त्यास्नी. समदी ओळ एका दमात बोळात. आन आज ती गाडी लई येळ उबी व्हती बग. हलंचना. आमीबी मग हललो न्हाई. अर्धा तास बोळात उबं."

मलाही बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. मी पदर खोचून तिच्यासमोर बसले आणि पिना निवडायला लागले. चहा झाला, भाकरी झाली. दोघी मजेत होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी शाळेत जाताना चपला शिवणाऱ्या काकांनी मला हाक मारली. काकांचा एक पाय लहानपणापासून अधू. गाडी आली तरी ते पळत नसत. ऐरण, आरी, चपलांचा ढीग पुढ्यात ठेवून बसून राहत, आणि गाडीवालेही त्यांच्या वाटेला जात नसत. काका म्हणाले, "बाय, काल मोजून ग्येले की मला. फोटू काडला. सायेब लई गोड बोलला. बाकीचे कुटं हायत म्हनला. मी म्हनलं, आत्ता येत्यात. लई हाका मारल्या गं बोळाकडं. या या, मोजाय आल्यात म्हनून. एकबी भायेर आला न्हाई."

पाहणीची माणसं अतिक्रमणाच्याच गाडीतून आली होती. कचेरीत त्या दिवशी दुसरी गाडी मोकळी नसेल, एवढंच. दुधानं तोंड पोळलेल्या माणसाला ताक पाजायचं तर निदान भांडं तरी वेगळं घ्यावं. पण हे कुणाला सुचणार? फाळकं वळणावर खडखडलं, आई ओरडली, ओळ पळाली. आणि काकांच्या हाका?

"आमाला वाटलं, त्याला धरून आमाला हाका माराय लावत्यात," आई म्हणाली.

त्या संध्याकाळी मी तिच्यावर ओरडले. नको ते बोलले. "काय सांगितलं होतं मी? पळू नका म्हणून सांगितलं होतं ना?"

तिनं हातातलं टिकल्यांचं पाकीट खाली ठेवलं. मग म्हणाली, "तू म्हनलीस मानसं येतील. गाडी येईल म्हनून कुटं म्हनलीस?"

 

मी अर्ध्या दिवसाची रजा टाकून महापालिकेच्या कचेरीत गेले. खिडकीमागचा माणूस माझ्याच जातकुळीचा, म्हणजे कारकून. गळ्यात दोरीनं अडकवलेला चष्मा, शेजारी निवलेला चहा. वाईट नव्हता. मी सगळं सांगितलं तेव्हा त्यानं संगणक माझ्याकडे वळवला आणि एक फोटो उघडून दाखवला. "बघा मॅडम. आम्ही गेलो होतो. तिथं कुणी नव्हतं."

फोटो आमच्याच फुटपाथचा होता. शाळेची भिंत, तिच्यावर रंगवलेला सुविचार, एका कडेला काकांच्या चपलांचा ढीग. बाकी सगळं रिकामं. तो फुटपाथ मी इतका रिकामा कधीच पाहिला नव्हता. आणि खालच्या कोपऱ्यात, आईच्या जागेवर, एक हिरवा कंगवा पडलेला.

"हा कंगवा माझ्या आईचा आहे," मी म्हणाले.

तो हसला. "मग काय, कंगव्याला प्रमाणपत्र देऊ?"

आणि मीही हसले. समोरच्या कारकुनानं विनोद केला की हसायचं, ही सवय. बाहेर आल्यावर स्वतःचा इतका राग आला की रिक्षा न करता चालत घरी आले.

त्यानं एक वाट मात्र सांगितली होती. त्या जागेवर आधीपासून बसत होतात असं दाखवणारी जुनी पावती असेल तर आणा, दंडाचीसुद्धा चालेल, हरकतींची मुदत अजून आहे. दंडाच्या पावत्या! पंचवीस वर्षांत आई किमान वीस वेळा तरी सापडून, जागीच दंड भरून सुटली असेल, आणि माझ्या आईनं कुठलाही कागद कधी टाकून दिलेला नाही. सगळ्या पावत्या बिस्किटांच्या डब्यात होत्या. मी घरी येऊन डबा पालथा केला.

वीस नव्हे, तेवीस निघाल्या. काहींची शाई उडालेली, काहींवर तेलाचे डाग. जागा तीच, चौकाचा कोपरा. माल तोच, किरकोळ कटलरी. आणि नाव? पहिल्या पावतीवर एक नाव. दुसऱ्यावर दुसरंच. तिसऱ्यावर तिसरंच. एकीवरही आईचं नाव नव्हतं.

"आई, ह्या कोण बायका?"

ती पुढे सरकून बसली. तिला चांगलं वाचता येत नाही, पण पावत्यांच्या रंगावरून आठवत होतं. "ही माजी आई. ही थोरली भन, बाळंतपनात ग्येली ती. ही तुजी आजी, बापाची आई. ही माजी जाऊ." पहिल्या वेळेला तिनं खरं नाव सांगितलं होतं म्हणे, ती पावती कुठे गेली कोण जाणे. तेव्हा कुणीतरी दम दिला, नाव वहीत चढलंय, पुढच्या वेळी डबल दंड. मग ओळीतल्या जुन्या माणसांनी तिला रीत शिकवली. गाडीवाल्याला आपलं नाव सांगायचं नाही. जित्या माणसाचं कुणाचंच सांगायचं नाही. मेलेल्याचं सांगायचं. मेलेल्याला कोण काय करणार? सगळी ओळ हेच करत आली होती. चाचांच्या पावत्यांवर त्यांचे आजोबा आणि तीन काका केळी विकत होते.

मी पावत्या जमिनीवर ओळीनं मांडल्या. केमच्या आमच्या सगळ्या मेलेल्या बायका त्या कोपऱ्यावर टिकल्या विकायला बसून दंड भरून गेल्या होत्या. माझी आई तेवढी तिथं कधी बसलीच नव्हती.

तरी मी अर्ज केला. प्रतिज्ञापत्र जोडलं, दहाही जणांच्या सह्या आणि अंगठे घेतले. कारकुनानं शिक्का मारून पोच दिली आणि म्हणाला, "वरचे ठरवतील." वरच्यांनी काय ठरवलं ते कधी कळलं नाही. यादी लागली तेव्हा आमच्या ओळीतून एकच नाव होतं, चपला शिवणाऱ्या काकांचं. जो पळू शकत नव्हता तो राहिला.

ओळीतलं कुणी आईला बोललं नाही. बोलले असते तर बरं झालं असतं. चाचा एकदाच म्हणाले, तेही रागानं नाही, "तुम बोले सो भागे ना हम, मौसी." आई त्या दिवशी जेवली नाही. काकांनी प्रमाणपत्र प्लास्टिकमध्ये घालून खिळ्याला अडकवलं होतं. आई समोरून जायला लागली की ते हळूच उलटं फिरवायचे. ते तिला दिसायचं. मलाही दिसायचं.

खरी मोडली ती तिची हिंमत. फाळकं खडखडलं की ओरडावं की नाही हेच तिला कळेना. एकदा ती ओरडली आणि निम्मी ओळ उठण्याआधी वळणाकडे बघत बसली, खरंच गाडी आहे की काय म्हणून. एकाची पेरूंची पाटी गेली. घरी आल्यावर म्हणाली, "आता माज्या कानाचा भरवसा ऱ्हायला न्हाई गं कुनाला." कान शाबूत होते. भरवसा मी घालवला होता.

मग खांबावर नोटीस लागली. तो फुटपाथ सुशोभित करायचा आहे, कुंड्या आणि कठडा बसवायचा आहे, प्रमाणपत्र नसलेल्यांनी तीस दिवसांत जागा सोडावी. नियमानुसार सगळं. मी नोटीस दोनदा वाचली, चूक काढायला. निघाली नाही.

त्या रात्रीच्या जेवणाच्या वेळी मी आईला माझा शेवटचा शहाणपणा शिकवला. "हे बघ, आता गाडी आली तर पळायचं नाही. पळालीस म्हणजे तू तिथं नव्हतीसच असं होतं. जागेवर बसून राहा. नाव विचारतील, खरं सांग, पूर्ण सांग. माल उचलला तर यादी करून पावती द्यावी लागते, कायद्यात आहे. ती माग. तुझ्या नावाचा एक तरी कागद झाला पाहिजे."

"बरं," आई म्हणाली. या खेपेला वाद घातला नाही.

तीस दिवस संपले त्यानंतरच्या सोमवारी गाडी आली. मी शाळेत होते, प्रवेशांची गर्दी होती. जे झालं ते चाचांनी सांगितलं. आईनं फाळकं ऐकलं आणि पूर्वीसारखीच, भिंत हलेल अशी ओरडली. त्या दिवशी कुणी वळणाकडे बघत बसलं नाही. सगळी ओळ उठली आणि माल घेऊन बोळात शिरली. कुणाचा एक दाणा गेला नाही. आई तेवढी चादरीमागे मांडी घालून बसून राहिली. चाचा बोळातून ओरडले, "मौसी, उठो!" ती उठली नाही.

गाडीतले दोघे उतरले. त्यातला एक तिला वर्षानुवर्षं ओळखत होता. तो म्हणाला, "मावशी, उचला की. दोन मिनिटं थांबतो आमी. जावा तुमी."

"न्हाई," आई म्हणाली. "माजं नाव लिवा."

त्यानं पुन्हा सांगितलं. तिनं पुन्हा तेच सांगितलं. शेवटी साहेबांनी गाडीतून हाक मारली, तेव्हा त्या माणसाला इलाज उरला नाही. त्यानं चारी सुतळ्या मुठीत धरल्या. पंचवीस वर्षांनी ती चादर पहिल्यांदा दुसऱ्या कुणीतरी उचलली, आणि आईला बसल्या जागेवरून ती एका हिसक्यात उचलली गेलेली दिसली.

दोन दिवसांनी माल सोडवून आणला. एका पोत्यात भरून दिला त्यांनी. चादर त्यात नव्हती. असेल कुठल्या तरी ढिगात, म्हणाले. कोपऱ्यावर आता कठडा आहे आणि चार कुंड्या आहेत, त्यातल्या दोन सुकल्या आहेत. ओळीतले कोण कुठे बसतात, कुणी दारोदार फिरतात. आई घरीच असते.

पण त्या सोमवारची संध्याकाळ सांगायची राहिली. मी घरी आले तेव्हा ती दारातच बसली होती. हातात घडी घातलेली पावती. "वाच," म्हणाली.

मी वाचलं. तिचं नाव, माझ्या वडिलांचं नाव, आडनाव. जागा, चौकाचा कोपरा, शाळेच्या भिंतीलगत. काना-मात्रेचीही चूक नव्हती.

"माजंच हाय न्हवं?"

"तुझंच."

"मग आता दाव त्यास्नी," ती म्हणाली. "म्हनावं, हितं बसत व्हती."

पाहणी संपून गेली होती, यादी लागून गेली होती. यादीनंतरची पावती म्हणजे वरातीमागून घोडं, हे मी रोज इतर लोकांना खिडकीतून सांगत असते. तिला सांगता आलं नाही. "उद्या जाते," म्हणाले. दुसऱ्या दिवशी मी नेहमीसारखी शाळेत गेले.

पावती माझ्या पर्समध्ये आहे. आई मधूनमधून विचारते, काय म्हणाले गं? मी सांगते, साहेब रजेवर आहेत. परवा तिनं पुन्हा विचारलं, मी पुन्हा तेच सांगितलं. ती भाजी निवडत होती. वर न बघता म्हणाली, "लई रजा असती की गं त्या सायबाला," आणि पुढची जुडी सोडायला घेतली.